पूर्ण न झालेल्या चित्राचा चित्रपट : विक्तोर एरिसे, आंतोनियो लोपेस आणि बिहीचे झाड

चित्रकार काम करत असताना बाहेरून पाहणाऱ्याला फारसे काही दिसत नाही. तो समोरच्या वस्तूकडे बराच वेळ पाहतो, एक रेघ ओढतो, मागे सरकतो, पुन्हा पाहतो आणि पुष्कळदा ती रेघ पुसून टाकतो. त्याच्यावर माहितीपट करायला निघालेल्या दिग्दर्शकापुढची खरी अडचण ही आहे, आणि ती चुकवण्याचे मार्ग इतके रूढ झाले आहेत की त्यांना चुकवाचुकव म्हणावे असे कोणाच्या मनातही येत नाही. निवेदकाच्या भारदस्त आवाजात चरित्र सांगायचे, जुनी छायाचित्रे दाखवायची, दोन समीक्षकांना खुर्चीत बसवून बोलते करायचे, कुंचला धरलेल्या बोटांवर कॅमेरा नेऊन मागे सतार वाजवायची आणि शेवटी दालनात टांगलेले पूर्ण चित्र दाखवून थांबायचे. मुख्य चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजनचे माहितीपट पाहत वाढलेल्या आपल्याकडच्या प्रेक्षकांना हा साचा तोंडपाठ आहे. त्याच संस्थेने हा साचा मोडणारी कामेही केली. त्यांतल्या एकाचा उल्लेख पुढे येईल.

प्रस्तुत प्रकरण स्पेनमधले आहे. दिग्दर्शक विक्तोर एरिसे यांनी १९९० च्या शरद ऋतूत माद्रिदमध्ये चित्रकार आंतोनियो लोपेस गार्सिया यांच्या अंगणात चित्रीकरण केले आणि त्यातून १९९२ साली ‘एल सोल देल मेम्ब्रियो’ हा सव्वादोन तासांच्या आसपासचा चित्रपट तयार झाला. सोल म्हणजे ऊन आणि मेम्ब्रियो म्हणजे बिही, सफरचंदाच्या कुळातले पिवळेधमक, तुरट फळ. त्याच्या बिया आपल्याकडे काष्ठौषधींच्या दुकानात बिहीदाणा म्हणून मिळतात. लोपेस यांनी अंगणातल्या बिहीच्या झाडाचे तैलचित्र काढायला घेतले आणि ते पूर्ण झाले नाही. मग त्याच झाडाचे पेन्सिलीने रेखाटन सुरू केले, आणि तेही असेल त्या अवस्थेत थांबवावे लागले. दरम्यान फळे पिकली, गळली आणि कुजली. घडले ते एवढेच. रूढ माहितीपटात हे अपयश एक तर संकलनात गाळले गेले असते, नाहीतर त्याचे नाट्य करून मांडले गेले असते. एरिसे यांनी या दोन्हीपैकी काहीही केले नाही. ते त्यांना कशामुळे शक्य झाले, याचा हा अभ्यास आहे.

दोन संथ माणसे

एरिसे यांचा जन्म १९४० सालचा, बास्क प्रांतातला. त्यांचा पहिला पूर्ण लांबीचा कथापट १९७३ मध्ये आला, दुसरा १९८३ मध्ये, आणि त्यानंतर थेट हा चित्रपट १९९२ मध्ये; पुढचा पूर्ण लांबीचा चित्रपट यायला २०२३ साल उजाडले. कोणत्याही निर्मात्याला धडकी भरावी असा हा वेग आहे. लोपेस यांचा जन्म १९३६ चा, ला मांचा भागातल्या तोमेयोसो या गावचा. काका आंतोनियो लोपेस तोर्रेस चित्रकार होते, त्यांच्याकडे सुरुवातीचे धडे गिरवून हा मुलगा किशोरवयातच माद्रिदच्या सान फेर्नांदो अकादमीत दाखल झाला. त्यांच्या कामाच्या पद्धतीची कल्पना यायची असेल तर माद्रिदच्या ग्रान व्हिया रस्त्याचे त्यांचे प्रसिद्ध चित्र पाहावे. १९७४ मध्ये सुरू झालेले हे चित्र १९८१ मध्ये पूर्ण झाले, कारण उन्हाळ्यातल्या पहाटे साडेसहाच्या सुमाराचा जो उजेड त्यांना हवा होता तो रोज काही मिनिटेच टिकत असे, आणि तेवढ्या मिनिटांपुरतेच ते रस्त्यावर उभे राहून काम करत. उन्हाळा संपला की चित्र पुढच्या वर्षापर्यंत थांबून राही.

१९९० च्या उन्हाळ्यात लोपेस माद्रिद शहराची दृश्ये रंगवत होते तेव्हा एरिसे व्हिडिओ कॅमेरा घेऊन त्यांच्यासोबत फिरले. ही टिपणे होती, चित्रपट नव्हे. लोपेस यांनी त्यांना बिहीच्या झाडांचे आपल्याला पडलेले एक स्वप्न सांगितले होते, आणि त्या शरदात अंगणातले झाड रंगवायला घ्यायचा त्यांचा विचार होता. एरिसे यांनी तो धागा पकडला. लिहून काढलेली पटकथा नव्हती आणि शेवट काय होणार हे चित्रकारालाच ठाऊक नव्हते, तर दिग्दर्शकाला कुठून असणार? निर्माती म्हणून मारिया मोरेनो यांचे नाव आहे. त्या स्वतः चित्रकार आणि लोपेस यांच्या पत्नी. माझ्या मते ही बाब श्रेयनामावलीतली एक ओळ म्हणून सोडून देण्यासारखी नाही. चित्र वेळेत पूर्ण व्हावे असा आग्रह धरणारा कोणी बाहेरचा माणूस त्या अंगणात नव्हता, आणि पैशांच्या बाजूने ज्या व्यक्तीचा शब्द चालायचा तिला चित्र न संपणे म्हणजे काय हे स्वतःच्या अनुभवातून माहीत होते.

खिळे, ओळंबा आणि पांढऱ्या खुणा

चित्रपटात पडद्यावर तारखा येत राहतात. पहिली तारीख शनिवार, २९ सप्टेंबर १९९० ही आहे. त्या दिवशी लोपेस कॅनव्हास ताणून चौकटीवर ठोकतात, झाडासमोर जागा ठरवतात आणि आपली पावले रोज नेमकी तिथेच पडावीत म्हणून बुटांच्या टोकाशी जमिनीत खिळे ठोकतात. झाडासमोर ओळंबा सोडतात, आडवी दोरी बांधतात, म्हणजे उभा आणि आडवा असे दोन अक्ष डोळ्यांपुढे कायम राहतील आणि झाड चौकटीच्या बरोबर मध्यभागी येईल. पुढे पाने आणि फळे यांच्यावर पांढऱ्या रंगाच्या बारीक खुणा केल्या जातात. फळ पिकत जाते तसे जड होते, फांदी वाकते आणि खूण दोरीच्या खाली सरकते. मग कॅनव्हासवरचे फळही खाली आणावे लागते. ज्या वस्तूचे माप घ्यायचे तीच रोज जागा बदलते, हे माहीत असूनही लोपेस माप सोडत नाहीत.

एरिसे हा सगळा खटाटोप जवळपास जसाच्या तसा दाखवतात. ‘कलावंताची एकाग्रता’ वगैरे सांगणारा आवाज नाही, कोणत्या खुणेचा अर्थ काय हे सांगणारे निवेदन नाही. कॅमेरा बहुतेक वेळ तिपाईवर स्थिर असतो आणि सुतारकाम पाहावे तशा बेताने पाहतो. म्हणूनच खिळ्यांचा उपयोग प्रेक्षकाला आपसूक कळतो, आणि तो कळल्यावर पुढच्या प्रत्येक दृश्यात त्याची नजर आधी त्या बुटांकडे जाते. संथपणा आणि चिंतन यांची गल्लत नेहमी होते. एखादे दृश्य लांबवले म्हणजे ते चिंतनशील झाले असे मानणाऱ्या माहितीपटांची आपल्याकडेही कमतरता नाही. या चित्रपटात दृश्य लांबते ते त्या कामाला तेवढा वेळ लागतो म्हणून, आणि जिथे काम तेच ते असते तिथे एरिसे विनासंकोच एका दृश्यात दुसरे विरघळवून दिवस ओलांडतात. रोजच्या रंगकामाच्या अशा विलयनांतून कॅनव्हासवरचे झाड भरत जाते आणि समोरचे झाड झुकत जाते. हे दोन्ही बदल एकाच वेळी दिसणे हीच चित्रपटाची गती आहे.

या निवडीचे वजन कळायचे तर चित्रकारांवरच्या दोन आधीच्या गाजलेल्या प्रयत्नांशी तिची तुलना करावी लागते. फ्रेंच दिग्दर्शक आंरी-जॉर्ज क्लूझो यांनी १९५६ साली पाब्लो पिकासोवर केलेल्या चित्रपटात शाई आरपार उतरणारा कागद ताणून कॅमेरा त्याच्या मागे ठेवला होता, त्यामुळे हात न दिसता रेघ आपोआप उगवताना दिसते. युक्ती अफलातून आहे, पण तिच्यामुळे चित्र काढणे हा जादूचा खेळ होतो, आणि दिग्दर्शक तर कॅमेऱ्यात फिल्म किती उरली याचा हिशेब मांडून त्यात शर्यतीचा रंगही भरतो. पिकासोला तो खेळ मानवला, कारण तो स्वभावतःच खेळिया होता. छायाचित्रकार हान्स नामुथ यांनी १९५० मध्ये अमेरिकी चित्रकार जॅक्सन पोलॉक यांचे चित्रीकरण केले, पोलॉक काचेवर रंग शिंपडत असताना कॅमेरा काचेखाली ठेवून. पोलॉक यांना आपल्याच कृतीची नक्कल पुनःपुन्हा, थंडीत, उघड्यावर करावी लागली. चित्रीकरण संपले त्या दिवशी त्यांनी दोन वर्षांच्या खंडानंतर पुन्हा दारू घेतली, हे पोलॉक यांच्या चरित्रांत नोंदलेले आहे. दोष सगळा कॅमेऱ्याचा होता असे म्हणता येणार नाही. तरीही कलावंताला आपल्या सोयीने काम करायला लावणे किती महाग पडू शकते, हे त्यातून दिसते. एरिसे यांच्या अंगणात सोय चित्रकाराची होती, आणि कॅमेऱ्याने तिच्याशी जुळवून घेतले.

पाऊस

लोपेस यांना हवे होते झाडाच्या वरच्या भागावर थोडाच वेळ पडणारे शरदातले ऊन. चित्रपटाच्या नावातले ऊन ते हेच. पण त्या वर्षी पावसाने पाठ धरली. झाडाभोवती प्लास्टिकचा मांडव उभारला गेला, चित्रकार त्याच्या आत उभा राहून रंगवू लागला, ढग हटण्याची वाट पाहू लागला. अखेर एक दिवस अर्धवट तैलचित्र उचलून तळघरात नेऊन ठेवले जाते. तिथे आधीच अनेक कामे पडून आहेत. लोपेस यांच्या चेहऱ्यावर कसलाही शोक नाही, एरिसेही तो सुचवत नाहीत. कॅमेरा तळघरात उतरतो, चित्र ठेवले गेल्याचे पाहतो, आणि पुढच्या तारखेला नवा कागद लावलेला दिसतो. उजेड सोडून द्यायचा आणि फक्त आकार धरायचा, म्हणून आता पेन्सिल. निर्णय तांत्रिक आहे, पण त्यात केवढा त्याग आहे हे आपल्याला कळते, कारण उन्हाची ती थोडी मिनिटे आपणही त्यांच्याबरोबर मोजलेली असतात.

चित्रपटाच्या दृष्टीने हा सर्वांत धोक्याचा टप्पा होता. मुख्य कृती कोसळली होती आणि कथानक म्हणावे असे काही हाताशी नव्हते. एरिसे यांनी तेव्हा दाराबाहेर जाऊन मुलाखती गोळा केल्या नाहीत. घरातच जे चालले होते त्याला जागा दिली. घराच्या दुरुस्तीसाठी आलेले पोलिश गवंडी भिंत पाडतात, आपापसात आपल्या भाषेत बोलतात, आणि पलीकडे झाडासमोर उभा असलेला माणूस नक्की करतो काय याचे त्यांना कुतूहल असते. त्यांच्याकडेही ओळंबा आहेच, याकडे एरिसे बोट दाखवत नाहीत, आणि ते बरे झाले. रेडिओवर जर्मनीच्या एकीकरणाच्या आणि आखातातल्या संकटाच्या बातम्या येतात. रात्री कॅमेरा शहराकडे वळतो, तेव्हा माद्रिदचा दूरदर्शन मनोरा आणि घराघरांच्या खिडक्यांतला टीव्हीचा निळसर उजेड दिसतो. दिवसभर एका झाडाकडे पाहून झाल्यावर हा उजेड फार परका वाटतो.

अकादमीच्या दिवसांपासूनचे मित्र, चित्रकार एन्रिके ग्रान यांच्या भेटी हा चित्रपटातला सर्वांत मोकळा भाग आहे. दोघे जुन्या आठवणी काढतात, एकत्र गातात, आणि एक पान फळाच्या आड येते म्हणून ग्रान काठीने ते पान वर उचलून धरतात आणि लोपेस त्या वेळात रेखाटून घेतात. साठीतला एक नामवंत चित्रकार दुसऱ्यासाठी पान धरून उभा राहतो, हे पाहताना मला दर वेळी हसू येते. चरित्रात्मक माहितीपट ज्या गोष्टीसाठी तीन मुलाखती घेईल, म्हणजे मैत्री, उमेदवारीचे दिवस, वाढते वय, ते सर्व इथे एका काठीच्या टोकावर आले आहे.

याच्या उलट, एक चिनी चित्रकार स्त्री दुभाष्यासह भेटायला येते तो प्रसंग मला कमअस्सल वाटतो. छायाचित्रावरून काम का करत नाही, असे ती विचारते, आणि लोपेस यांच्या उत्तराचा आशय असा की झाडाच्या सहवासात असणे हेच त्यांना अधिक मोलाचे वाटते. उत्तर मोलाचे आहे, पण ते तोपर्यंत दीड तास आपण डोळ्यांनी पाहिलेले असते. निवेदन नको म्हटल्यावर ते पाहुणीच्या तोंडून मागच्या दाराने आत यावे, ही एरिसे यांची एकमेव ठळक तडजोड म्हणता येईल.

माहितीपट म्हणावे का?

इथेच या चित्रपटावरचा नेहमीचा आक्षेप येतो. माणसे खरी आहेत, घर खरे आहे, चित्रकाम खरे आहे. पण काही संवाद आणि हालचाली कॅमेऱ्यासाठी ठरवून केलेल्या आहेत हे लपत नाही. दोन कोनांतून नीट कापलेले संभाषण अचानक टिपता येत नाही, हे कोणताही छायालेखक सांगेल. हा आक्षेप वस्तुस्थिती म्हणून मान्य करून मी एवढेच म्हणेन की ठरवून केलेल्या गोष्टींत चित्राची गोष्ट नव्हती. फळे केव्हा गळावीत, पाऊस किती पडावा, तैलचित्र सोडावे की नाही, यांपैकी काहीही दिग्दर्शकाच्या हातात नव्हते आणि त्याने ते हातात घेण्याचा प्रयत्नही केला नाही. मर्यादा मान्य असलेल्या भागात मांडणी करण्याची मुभा त्याने घेतली.

फिल्म्स डिव्हिजनसाठी दिग्दर्शक मणि कौल यांनी १९८२ साली केलेला ‘ध्रुपद’ याच अंगाने तपासण्यासारखा आहे. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये घडलेले कौल स्वतः डागर परंपरेत ध्रुपद शिकत होते, आणि रुद्रवीणावादक झिया मोहिउद्दीन डागर यांचे गुरुकुल पनवेलजवळच्या पळस्पे येथे होते, तेव्हा हा विषय आपल्या अगदी उंबऱ्याजवळचा आहे. त्या चित्रपटातही मांडणी उघड आहे. गायक-वादकांना वास्तूंच्या सान्निध्यात बसवले आहे आणि कॅमेऱ्याची प्रत्येक हालचाल विचारपूर्वक आखलेली आहे. मात्र कौल यांना एक सोय होती जी एरिसे यांना नव्हती. आलाप वेळेतच घडतो आणि वेळेतच पुरा होतो, त्यामुळे कॅमेरा त्याच्याबरोबर चालला की काम साधते. चित्राला शेवटी वेळेच्या बाहेर जाऊन स्थिर व्हायचे असते आणि चित्रपटाला ते कधीच जमत नाही. एरिसे यांना या विसंगतीला तोंड द्यावेच लागले.

कॅमेऱ्याची पाळी

ते त्यांनी शेवटच्या भागात दिले. डिसेंबरात रेखाटन थांबते, दोऱ्या सोडल्या जातात, झाडासमोरची जागा मोकळी होते. त्यानंतर मारिया मोरेनो यांनी पूर्वीच सुरू केलेल्या एका चित्रासाठी लोपेस ओव्हरकोट घालून पलंगावर आडवे होतात. इतका वेळ पाहणारा माणूस आता पाहिला जातो आहे. त्याला झोप लागते आणि हातातला काचेचा स्फटिक सुटून पडतो. मग अंगणात रात्री तिपाईवर एकटा कॅमेरा उभा दिसतो, शेजारी विजेचा दिवा, आणि त्या उजेडात जमिनीवर पडलेली, सडत चाललेली फळे. लोपेस यांच्या आवाजात ते स्वप्न ऐकू येते: तोमेयोसोमधल्या जन्मघरासमोर, कधीच नव्हती तिथे बिहीची झाडे आहेत, आपण आई-वडिलांसह त्यांच्या खाली उभे आहोत, आणि फळे कुजत असल्याचे कोणाच्या लक्षात येत नाही, कारण सगळ्यावर पसरलेला उजेड स्वच्छ असूनही काळोखा आहे आणि प्रत्येक गोष्टीचा धातू आणि राख करतो आहे.

काही समीक्षक या भागाला काव्यमय शेवट म्हणतात. मला तो कबुलीजबाब वाटतो. चित्रकाराने कृत्रिम उजेड एकदाही वापरला नाही, ऊन गेल्यावर चित्रच सोडले. कॅमेरा मात्र दिवा लावून, माणूस झोपलेला असताना, फळांचे कुजणे टिपत राहतो, आणि ते टिपणे त्याला बिनदिक्कत जमते. हे आपल्या माध्यमाचे सामर्थ्य आहे की निर्दयपणा, हे एरिसे ठरवून टाकत नाहीत, पण आपले यंत्र लपवतही नाहीत. कलावंताविषयी आदर बाळगणारे बहुतेक दिग्दर्शक स्वतःला चौकटीबाहेर ठेवून नम्रता दाखवतात. एरिसे यांनी स्वतःचा कॅमेरा चौकटीत आणून चित्रकारापासूनचे आपले अंतर मोजून दाखवले.

१९९२ च्या कान महोत्सवात या चित्रपटाला ज्युरी पारितोषिक विभागून मिळाले आणि आंतरराष्ट्रीय समीक्षक संघटनेचे पारितोषिकही मिळाले. त्यानंतर चित्रकारांवरच्या माहितीपटांत संथ, निवेदनहीन शैलीची चलती वाढली, आणि तिच्या नावावर पुष्कळ निर्जीव कामही खपले. ही पद्धत सर्वत्र लागू पडेल असे या प्रकरणावरून म्हणता येत नाही. तिला असा कलावंत लागतो की ज्याच्या कामाच्या पायऱ्या बाहेरून दिसतात, जो घराचे दार महिनोन्महिने उघडे ठेवतो आणि अर्धवट राहिलेले काम जगाला दाखवायला ज्याची ना नसते. कल्पनेतून एका बैठकीत चित्र काढणाऱ्यापुढे एरिसे यांचा स्थिर कॅमेरा नुसता ताटकळत बसला असता, आणि तिथे क्लूझो यांची आरपार उतरणारी शाईच अधिक उपयोगी पडली असती.